पिवळ्या छत्रीमागं

"ती पिवळी छत्री दिसते का, आबा? ती जिकडं जाईल तिकडं आपण जायचं," वैजंता म्हणाली.

पाऊस नव्हता. छत्री मिटलेली होती. एका पांढऱ्या केसांच्या बाईंनी ती काठीसारखी उभी धरली होती आणि त्यांच्याभोवती देशोदेशीची माणसं गोळा झाली होती. कुणाच्या गळ्यात कॅमेरा, कुणाच्या खांद्यावर पोर. माझ्या डोक्याला लाल फेटा, खांद्यावर घोंगडं आणि पायांत दुसऱ्याचे बूट.

"ही बाई खांड घेऊन निघाली म्हण की," मी म्हणालो.

"तसंच समजा."

"आन् मागं कोण हाय?"

"मागं कुणी नसतं. सगळे छत्रीकडं बघत चालतात."

"मग एखादं लंगडं मागं राहिलं तर?"

वैजंता हसली. "माणसं आहेत, आबा. राहिली तर आपली आपण येतात."

मी धुळा मासाळ, माणदेशातला मेंढपाळ. उभा जन्म खांडीच्या, म्हणजे मेंढरांच्या कळपाच्या, मागं चालण्यात गेला. पुढं माझा भाऊ चालायचा, वाट काढायला. मागं मी. कोण लंगडतंय, कोण दमलंय, कुणाचं कोकरू झुडपात अडकलंय, ते मागच्याला दिसतं. पुढच्याला फक्त वाट दिसते.

इंग्लंडात मी गेलो तो मेंढरांमुळंच. लोकरीचं काम करणाऱ्या एका संस्थेनं आम्हा काही जणांना तिकडच्या मेंढपाळांच्या मेळाव्याला नेलं होतं. मेळावा उत्तरेच्या डोंगरात होता. तिथली मेंढरं बघितली, तिथल्या म्हाताऱ्यांबरोबर खुणांनी गप्पा मारल्या, आणि परत निघायला एक दिवस शिल्लक राहिला. माझी पोरगी त्याच देशात शिकत होती. सरकारी शिष्यवृत्ती मिळवून ती विद्यापीठाच्या एका जुन्या गावात गेली होती, गवतांचा अभ्यास करायला. गवत शिकायला इतक्या लांब कशाला जायचं, असं वाडीतली माणसं विचारायची. "आपल्याकडं उगवत न्हाई म्हणून," असं मी सांगायचो.

मी येतोय म्हटल्यावर तिनं फोनवर आधी किती दिवस ते विचारलं. मग म्हणाली, "या."

संस्थेच्या माणसानं मला रेल्वेत बसवून दिलं. वैजंता स्टेशनवर उभी होती. वाळली होती. गालाची हाडं वर आली होती आणि हाताची कातडी सतत पाण्यात राहिल्यासारखी पांढरी पडली होती. मी म्हणालो, "खातपीत न्हाईस काय?" ती म्हणाली, "थंडीनं होतं तसं."

माझ्या काखेत एक बसकर होतं. बसकर म्हणजे बसायला घ्यायचा घोंगडीचा चौकोनी तुकडा. तिच्या आईनं, बायनानं, काळ्या मेंढीची लोकर स्वतः कातली होती आणि गावच्या सणगराकडून तो विणून घेतला होता. निघताना माझ्या हातात देऊन ती म्हणाली, "पोरगी थंड दगडावर बसत आसंल. ती बसती ती जागा डोळ्यानं बघा. हे तिथं तुमच्या हातानं हांतरा. आन् आल्यावर मला सांगा, कशी हाय जागा."

आमच्यात घोंगडं असं कुणाच्याही हाती पाठवून देत नाहीत. ज्याला द्यायचं त्याच्या जागेवर आपल्या हातानं अंथरायचं असतं. त्यामुळं त्या गावात माझं काम एवढंच होतं. बाकी इमारती बघायची मला काही हौस नव्हती.

"पयली तुझी बसायची जागा दाखव," मी स्टेशनवरच म्हणालो होतो.

"दाखवते. आधी ही फेरी करू. गावातून चालत हिंडवतात, सगळं सांगतात. तिकीट काढलंय मी."

"तू इथंच ऱ्हातीस की. तूच दाखव."

"त्यांना जुन्या गोष्टी ठाऊक असतात, आबा. मला माझ्या गवतापलीकडं काय ठाऊक?"

मला ते पटलं.

बाईंचं नाव मार्गरेट. छत्री उंच करून त्या निघाल्या आणि आम्ही सगळे त्यांच्यामागं. दगडी कमानी, दगडी मनोरे, दगडावर कोरलेली तोंडं. बाई थांबायच्या, बोलायच्या, आणि वैजंता मला हळू आवाजात मराठीत सांगायची. हे इतक्या शे वर्षांपूर्वीचं, ते तितक्या शे वर्षांपूर्वीचं. एका दाराच्या उंबऱ्याचा दगड मधोमध झिजून खोलगट झाला होता, आमच्या बिरोबाच्या पायरीसारखा. मी वाकून हात लावला आणि कपाळाला लावला. कॅमेरेवाल्यानं माझा फोटो काढला.

पुढं एका कमानीतून आत गेलो तर समोर मोठं चौकोनी अंगण, आणि अंगणभर गवत. तसलं गवत मी जन्मात पाहिलं नव्हतं. हिरवंगार, दाट, एका उंचीचं. आणि त्यावर एक जनावर नाही.

"हे कुणासाठी राखलंय?" मी विचारलं.

वैजंतानं बाईंना विचारून सांगितलं, "ह्यावर फक्त इथले मोठे मास्तर पाय ठेवू शकतात. मुलांनी कडेनं जायचं."

"मास्तर चरतात व्हय?"

ती खुदकन हसली. मार्गरेटबाईंनी विचारलं, काय म्हणाले. तिनं सांगितलं. मग सगळी खांडच हसली. मेंढपाळ आहे म्हटल्यावर लोक माझ्याजवळ आले, घोंगडं चाचपून बघू लागले. एका बाईनं फेटा किती लांब असतो ते विचारलं. मला बरं वाटलं, खोटं कशाला सांगू. मी पुढं पुढं होत गेलो. थोड्या वेळानं मी अगदी छत्रीच्या पाठीशी चालत होतो. मार्गरेटबाई मला हातानं काहीबाही दाखवायच्या, आणि मी कळल्यासारखी मान हलवायचो.

मध्येच मागं वळून पाहिलं तर वैजंता सगळ्यांच्या शेवटी होती. मान खाली, हात कोटाच्या खिशात. मी ओरडलो, "अगं चल की लवकर. मागं काय ऱ्हातीस?"

ती पळत पुढं आली.

प्रत्येक कमानीपाशी मी विचारत होतो, "हे तुझं कॉलेज काय?"

"नाही. माझं पुढं आहे."

माझं अक्षरांशी नातं तिनंच जुळवलेलं. चाळिशी उलटेपर्यंत मला माझं नावही वाचता येत नव्हतं. ती तेव्हा आश्रमशाळेत होती. सुट्टीत तळावर आली की मला पाटीवर बसवायचा प्रयत्न करायची, आणि मी पाटीसमोर पेंगायचो. मग तिनं एक युक्ती काढली. मेंढरांवर खूण करायचा लाल रंग घेतला आणि एकेका मेंढराच्या पाठीवर एकेक अक्षर काढलं. दिवसभर ती अक्षरं माळावर चरायची. "आबा, ग कुठं गेला?" "त्यो काय, बाभळीखाली." असं मी शिकलो. लोकर कातरली की अक्षरंही उतरायची. मग ती पुन्हा नव्यानं काढायची. आमच्या खांडीत 'ळ' म्हणजे एक लंगडी मेंढी होती. ती कायम शेवटी असायची, मुळाक्षरांतल्यासारखीच. असल्या पोरीची बसायची जागा मला बघायची होती.

एका अरुंद बोळात बाई थांबल्या. छत्रीचं टोक वर करून त्यांनी एक छोटी खिडकी दाखवली. वैजंता ऐकत राहिली. बाईंचं बोलून झालं तरी तिनं मला काही सांगितलं नाही.

"काय म्हणत्यात?"

"तिथं म्हणे फार पूर्वी एक मुलगा राहायचा. लांबून आलेला, गरिबाघरचा. हुशार होता. आणि एके दिवशी, शिक्षण अर्ध्यात असताना, कुणाला न सांगता निघून गेला. कुठं गेला कळलं नाही. इथले मास्तर जेवायला बसायचे तेव्हा त्याची खुर्ची बरीच वर्षं रिकामी ठेवायचे. खरं-खोटं माहीत नाही, म्हणतात त्या, पण गोष्ट सांगतात."

माणसं वर खिडकीकडं बघत होती. मार्गरेटबाईंना काय वाटलं कोण जाणे, त्या माझ्याकडं वळल्या आणि हसून काहीतरी बोलल्या. बाकीचेही माझ्याकडं बघायला लागले.

"त्या विचारताहेत," वैजंता म्हणाली, "की तुम्ही मेंढपाळ. असं मध्येच सोडून गेलेल्याला तुमच्याकडं काय म्हणतात?"

इतकी शिकलेली माणसं माझ्या तोंडाकडं बघत उभी. मी फेटा सारखा केला. आमच्याकडं म्हाताऱ्यांच्या तोंडी एक बोल असतो, तो आठवला आणि मी मोठ्यानं म्हणालो, "खांड सोडली ते मेंढरू लांडग्याचं. मालकानं त्याची आस धरू नये."

वैजंता माझ्याकडं बघत राहिली.

"सांग की त्येंला," मी म्हणालो.

तिनं सांगितलं. इंग्रजीत ते थोडक्यात झालं असावं. माणसांनी माना डोलावल्या, एकदोघांनी टाळ्या वाजवल्या. कॅमेरेवाल्यानं माझ्या पाठीवर थाप मारली. मी हात जोडले.

बाई पुढं निघाल्या. मीही निघालो.

शेवटी एका उंच लाकडी दरवाज्यापाशी आलो. मोठ्या दरवाज्यात एक लहान दार होतं आणि तिथं काळी गोल टोपी घातलेला एक माणूस उभा होता. मार्गरेटबाई त्याच्याशी बोलल्या आणि आमच्याकडं वळून त्यांनी हात हलवला.

"हे आज बंद आहे," वैजंता म्हणाली. मग खाली बघून म्हणाली, "हे माझं."

मी काखेतलं बसकर हातात घेतलं. "हे? मग बंद कसं?"

"फिरायला येणाऱ्यांना बंद आहे."

तेवढ्यात एक पोरगी आली. तिच्याबरोबर तिच्या आईबापासारखी दोन म्हातारी माणसं. टोपीवाला हसला, त्यानं ते लहान दार उघडलं, आणि तिघंही आत गेली.

"ती कशी गेली?"

"त्यांनी आधी सांगून ठेवलं असेल."

"तू बी सांग की. बाप आलाय म्हणावं. मला काय हिंडायचं न्हाई आत. एवढं हांतरतो आन् बाहेर येतो."

"आबा, नियम असतात."

नियम म्हटल्यावर मी गप्प झालो. आम्ही घाट उतरणारी माणसं. वनखात्याच्या चौकीवर, परक्याच्या शिवारात, पाटलाच्या बांधावर, सगळीकडं आधी मान तुकवायची आणि मग पाऊल टाकायचं. बंद म्हटलं की बंद. का म्हणून विचारायची आम्हाला सवय नाही.

टोपीवाल्याचं लक्ष वैजंताकडं गेलं. तो पायरी उतरून आला. तिचं नाव त्यानं बरोबर घेतलं, आपल्यासारखं. मग माझ्याकडं बघितलं, माझ्या हातातल्या बसकराकडं बघितलं, आणि तिला हळू आवाजात काहीतरी म्हणाला. तिनं मान हलवली. तो पुन्हा बोलला. तिनं पुन्हा मान हलवली आणि त्याचा हात आपल्या दोन्ही हातांत धरला.

"काय म्हणाला?"

"थंडी आहे, वडिलांना सांभाळ म्हणाला."

"भला माणूस हाय."

"हो."

छत्री वळणापलीकडं गेली होती. बाकीची माणसंही गेली होती. आम्ही दोघंच राहिलो. मी म्हणालो, "तुझ्या आयनं सांगितलंय. मी हे असंच माघारी न्यायचं काय?"

वैजंतानं एकदा त्या दाराकडं पाहिलं. मग म्हणाली, "चला. मी बसते ती जागा दाखवते."

तिनं मला नदीवर नेलं. नदी कसली, आमच्या ओढ्याएवढी, पण पाणी भरून वाहत होतं. काठाला मोठं झाड आणि झाडाखाली लाकडी बाक.

"इथं?"

"इथं. रोज. दुपारी काम संपलं की येते. आतल्यापेक्षा मला इथं बरं वाटतं."

मी बाकावर हात फिरवला. ओलसर होता. बसकर अंथरलं, चारी कोपरे सारखे केले, बिरोबाचं नाव घेतलं आणि म्हणालो, "बस."

ती बसली. मी शेजारी ओल्या लाकडावर बसलो. समोर गवत होतं, आणि ह्या गवतावर कुणीही चालत होतं. वैजंतानं दोन-तीन जातींची नावं सांगितली. मग म्हणाली, "आबा, एक..."

"काय?"

"काही नाही. आईचा गुडघा कसा आहे?"

संध्याकाळच्या गाडीत तिनं मला बसवून दिलं.

घरी आल्यावर बायनानं मला हातपायसुद्धा धुऊ दिले नाहीत. "कशी हाय जागा?"

"नदीच्या काठाला. झाडाखाली. उघड्यावर, आपल्यासारखीच."

बायना खूश झाली. नंतर दुपारचा चहा झाला की ती म्हणायची, "बसली आसंल आता बाकावर." तिकडं तेव्हा सकाळ असते, असं मी एकदा सांगितलं, पण तिनं ते मनावर घेतलं नाही. वैजंताचे फोन यायचे. यंदा जमत नाही, पुढच्या वर्षी येते. पुढच्या वर्षी पुन्हा तेच. शिक्षण कधी संपायचं, असं बायनानं विचारलं की ती म्हणायची, "मोठं असतं गं, आई." बायना फोन ठेवून मला म्हणायची, "मोठं आसतंय." असं बरंच चाललं. मग एका उन्हाळ्यात बायना गेली. तीनचार दिवसांचा ताप झाला आणि गेली. वैजंता फोनवर नुसती रडली. आली मात्र नाही.

ती आली पुढच्या दिवाळीनंतर. एकटी, एक बॅग घेऊन. तोवर मी खांड भावाच्या पोरांच्या हवाली केली होती आणि घरीच असायचो. तिन्हीसांजेला आम्ही ओट्यावर बसलो. तिनं बॅगेतून ते बसकर काढलं. एका अंगानं झिजून विरविरीत झालं होतं.

"आबा, तुम्ही आलात तेव्हा मी शिकत नव्हते," ती म्हणाली. "त्याच्या आधी वर्षभर सुटलं होतं. दुसऱ्या वर्षी माझं काम त्यांना पुरेसं वाटलं नाही. शिष्यवृत्ती थांबली. मी एका हॉटेलच्या मुदपाकखान्यात भाज्या धूत होते. बाकावर बसायचे ते खरं होतं."

मला तिचे स्टेशनवरचे हात आठवले.

"म्हणून ती छत्रीवाली बाई," मी म्हणालो.

"शिकणाऱ्याला आपला पाहुणा आत नेता येतो. मला येत नव्हता. तिकीट काढून फिरलो तर तुम्हाला कळणार नाही, असं वाटलं."

"त्यो टोपीवाला काय म्हणाला होता? खरं सांग."

"म्हणाला, बापाला घेऊन जा आत. मी तेवढ्यापुरती पाठ फिरवतो."

"मग का गं न्हाई नेलंस?"

बसकरातला एक सुटलेला धागा ती बोटाला गुंडाळत राहिली.

"त्या बोळात मी ठरवलं होतं. ती खिडकीची गोष्ट मला आधीच माहिती होती. ती सांगून झाली की तुम्हाला बाजूला घ्यायचं आणि सांगून टाकायचं. घरी येते म्हणायचं. पण त्या बाईंनी तुम्हाला विचारलं." ती थांबली. "आणि ते मलाच इंग्रजीत सांगायला लागलं, आबा."

कोपऱ्यावरच्या कडुनिंबात पाखरं बसत होती, त्यांचा कालवा चालला होता.

"तुम्हाला ळ आठवते का?" तिनं विचारलं.

"लंगडी."

"मी सातवीत होते. घाटात एकदा ती मागं राहिली. अंधार पडत होता, चुलते ओरडत होते, जाऊ द्या ते एक मेंढरू. तुम्ही आख्खी खांड थांबवली. एकटे माघारी गेलात आणि तिला खांद्यावर घालून आणलंत."

"व्हय. कपारीत अडकली होती."

"मग त्या दिवशी हे का नाही सांगितलंत?"

तिच्या आवाजात राग नव्हता. असता तर बरं झालं असतं. तिला खरंच जाणून घ्यायचं होतं.

काय सांगणार? तो बोल माझा नव्हता. म्हाताऱ्यांच्या तोंडून ऐकलेला, चार माणसांत शोभेल म्हणून बोललेला. लांडग्याचं म्हणून मी उभ्या आयुष्यात एक मेंढरू सोडलं नव्हतं. मागं चालणाऱ्याला ते जमतच नाही. त्या दिवशी मी पुढं चाललो होतो, छत्रीच्या पाठीशी.

"ते आठवलं न्हाई, वैजा," मी म्हणालो.

तिनं मान हलवली. थोड्या वेळानं मी उठलो, तिच्या मांडीवरचं बसकर घेतलं, ओट्यावर भिंतीला लागून अंथरलं, कोपरे सारखे केले आणि म्हणालो, "बस."

तिनं त्या जागेकडं पाहिलं. बायना रोज तिथंच बसायची, चहाची बशी घेऊन. वैजंता सरकली ती बसकराच्या शेजारी, उघड्या फरशीवर बसली, आणि तिनं आपला हात फक्त त्या लोकरीवर ठेवला.

मी तिला पुन्हा बस म्हणालो नाही. अंधार पडेपर्यंत ती जागा तशीच रिकामी होती, आणि तिच्या दोन बाजूंना आम्ही दोघं.